दरवाजा तीनची पळापळ

७ जानेवारी

नवं काम आलं. गोदी कामगारांच्या संपावर माहितीपट. चाळीसेक वर्षांपूर्वी गोदीच्या तीन नंबरच्या दरवाज्यासमोर पोलिसांनी गोळीबार केला, कामगार मेले, आणि त्या घटनेचं हलतं चित्र म्हणून आजवर कुणाच्या हाती काही लागलेलं नाही. जे फोटो आहेत ते दुसऱ्या दिवशीचे, रस्त्यावर पडलेल्या चपलांचे. चॅनलला फुटेज हवंय. माझा धंदाच तो. जुनं फुटेज शोधायचं, ते खरंच त्या दिवसाचं आणि त्या जागेचं आहे याची खात्री करायची, ज्याच्या मालकीचं असेल त्याची परवानगी आणायची. पडद्यावर माझं नाव येतं ते अगदी शेवटी, लोक पाणी प्यायला उठल्यावर.

दिग्दर्शक बाराही महिने गळ्यात स्कार्फ घालतो. मी त्याला स्कार्फच म्हणणार, तेवढीच त्याची ओळख. तो म्हणाला, "मॅडम, मला काहीतरी कच्चं पाहिजे. जखमेसारखं." मी विचारलं, "जखम दरवाज्याच्या आतली की बाहेरची?" त्याने ते वहीत लिहून घेतलं.

"नाहीच मिळालं तर?" मी म्हटलं.

"तर लाटा दाखवू."

लाटा! या जगात कुणीही मरो, कुठलंही सरकार पडो, फुटेज नसलं की लाटा. समुद्राला मोबदला मिळत असता तर तो आज चॅनलचा मालक असता.

घरी आले तर दारात वॉकर. नवऱ्याची मोठी बहीण. खुब्याचं ऑपरेशन झालंय आणि एकटीच राहते, म्हणून नवरा तिला परस्पर घेऊन आला. "ताई दोनच आठवडे राहील," म्हणाला. त्याचं चष्म्याचं दुकान आहे. जगाला दूरचं दाखवतो, स्वतःला जवळचंही दिसत नाही.

१२ जानेवारी

सरकारी संग्रहात गेले. तिथला कारकून म्हणाला, जेवणाच्या सुट्टीनंतर या. जेवणाच्या सुट्टीनंतर तो म्हणाला, उद्या या. शेवटी त्या सालाचा डबा उघडला तर आत फिल्मऐवजी काळा चिखल आणि नाकाला झिणझिण्या आणणारा व्हिनेगरचा वास. फिल्म नीट ठेवली नाही की तिचं असं लोणचं होतं. चॅनलच्या स्वतःच्या टेप्सचं तर बोलूच नये. संपाच्या बातम्यांवर कुणा महाभागाने गाण्यांची स्पर्धा रेकॉर्ड करून ठेवलीय. गाणारी पण बेसूर.

वन्सं दिवसभर बोलतात. पूर्णविराम ही गोष्ट त्यांना कुणी शिकवलेलीच नाही. शेजारणीचा जावई, ऑपरेशनवाल्या डॉक्टरांचे केसाळ कान, मग पुन्हा जावई. आज मी काय काम करते ते विचारलं. सांगितलं.

"अगं, मी पण होते सिनेमात! पळायचं काम होतं मला."

"पळायचं काम?"

"घोळक्यात गं. पण सिनेमा डब्यात गेला."

म्हातारपणी प्रत्येकालाच एक डब्यात गेलेला सिनेमा असतो. मी भाजी चिरत राहिले.

२० जानेवारी

मिळालं!!

बातम्यांच्या चित्रफिती काढणारा एक म्हातारा कॅमेरामन गेल्या वर्षी वारला. त्याची सून घर रिकामं करतेय असं कानावर आलं. गेले. बाईने फिल्मच्या डब्यांवर गच्चीत कुंड्या ठेवल्या होत्या. "चांगले टणक आहेत हो, गंजत नाहीत," म्हणाली. सासऱ्याच्या आयुष्यभराच्या कामाचा तिने केलेला हा एकमेव सदुपयोग. मी गोड हसून एकेक कुंडी उचलून खाली ठेवली. सहाव्या कुंडीखाली डबा, झाकणावर पेन्सिलीने: गोदी, दरवाजा ३, पळापळ.

नाक लावलं. व्हिनेगर नाही. सूनबाईंनी परवानगीच्या कागदावर सही केली आणि विचारलं, "डबा परत आणाल ना? कुंडी बसत नाही दुसऱ्यावर."

२४ जानेवारी

फिल्म धुऊन, पडद्यावर आणून बघितली. आवाज नाही, काळंपांढरं. दरवाज्यातून माणसांचा लोंढा येतो, एकदम थबकतो, मागे वळतो. धूर. एक टोपीवाला मागे बघतो आणि कोसळतो. लांब वेणीची एक तरुण बाई पळत येते. टोपीवाला तिच्या वाटेतच पडलाय, पण ती त्याच्यावरून उडी मारत नाही, वळसा घालून जाते. तिच्यामागे एक माणूस एका हाताने पँट सावरत पळतोय.

डोळ्यांत पाणी आलं. या धंद्यात पहिल्यांदाच. दरवाज्याचा आकडा जुळला, मागची चिमणी जुळली (ती नंतर पाडली), फुटलेला दिवासुद्धा चपलांच्या फोटोतल्यासारखाच. चाळीस वर्षं जे कुणाला सापडलं नाही ते मला कुंडीखाली सापडलं. आता बघा म्हणावं.

२७ जानेवारी

चॅनलमध्ये तथ्य तपासायला एक गृहस्थ ठेवलेत. सतत सर्दी, सतत शंका. आम्ही सगळे त्यांना शंकासुर म्हणतो. तीनदा शिंकून झाल्यावर म्हणाले, "कॅमेरा हलत कसा नाही हो?"

"कसलेला हात होता."

"गोळ्या चालू असताना?"

"कसलेला म्हणजे कसलेला."

"पोलीस दिसत नाहीत."

"चौकटीच्या बाहेर आहेत."

"आणि कॅमेऱ्याकडे कुणी बघत नाही. गर्दी कॅमेऱ्याकडे बघतेच, मॅडम. मरतानासुद्धा एखादा बघतो."

असल्या माणसांना सूर्य उगवला तरी दाखला लागतो. मी म्हटलं, "तुम्ही वाफ घ्या." स्कार्फ खो खो हसला. शंकासुरांनी कागदावर 'संशोधकाच्या जबाबदारीवर' असं लिहून सही केली. लिहा. जबाबदारी घ्यायला कणा लागतो.

२ फेब्रुवारी

दोन आठवडे कधीच संपले. वन्संची फिजिओथेरपीवाली म्हणते, अजून महिना. तिचं काय जातंय!

आज मी संहितेसाठी टिपण लिहीत होते, वेणीवाली बाई वळसा घालते त्या जागी निवेदकाने काय म्हणावं. 'मृत्यू पाठीशी असतानाही ती पडलेल्याला तुडवत नाही. भीतीतही माणुसकी जागी असते.' बरं जमलंय. पण लिहू देतील तर शपथ. वन्संचं चालूच. कसं त्यांना सिनेमाच्या साहेबाने पुन्हा पुन्हा पळवलं, कसे टायर जाळून धूर केला, आठवडाभर नाकातून काळं कसं येत होतं, शेवटी चप्पल कशी तुटली. मी कानांत हेडफोन घातले. गाणं लावलं नव्हतं. नुसतेच घातले.

नवरा म्हणाला, "ताईला बरं वाटतं बोलून." मग ऐक की तू! तो दुकानात पळाला.

९ फेब्रुवारी

गोळीबारात मरण पावलेल्या एका कामगाराच्या मुलीला आज फुटेज दाखवलं. कल्पना स्कार्फची, ती बघताना कॅमेरा तिच्या तोंडावर रोखायचा. गिधाडंसुद्धा माणूस मरेपर्यंत थांबतात. पण मला नाही म्हणता आलं नाही, कारण मलाही बघायचं होतं, माझं फुटेज बघताना माणूस कसं दिसतं ते.

ती शाळेची बस चालवते. रुंद खांदे, आखूड केस, हातात किल्ल्यांचा जुडगा. बाप गेला तेव्हा पोटात होती. बापाचा एकच फोटो, कामाच्या ओळखपत्रावरचा, त्यातही शिक्का नेमका हनुवटीवर. आई लवकर गेली, आत्याने वाढवलं. पहिल्यांदा बघितलं तेव्हा काहीच बोलली नाही. स्कार्फचा चेहरा पडला. दुसऱ्यांदा बघताना ती अचानक उठून पडद्याजवळ गेली.

"हे बाबा."

पँट सावरत पळणारा माणूस.

"आत्या सांगायची, बाबा पट्टा कधी लावायचे नाहीत. पँट धरतच चालायचे. त्यावरून आई रोज बोलायची."

मग तिने आणखी बऱ्याचदा लावायला सांगितलं. रडली ती शेवटी, तेही आवाज न करता, किल्ल्या मुठीत गच्च धरून. स्कार्फ माझ्या कानाशी म्हणाला, "सोनं आहे हे, मॅडम, सोनं." मला त्याच्या स्कार्फचं दुसरं टोक दिसत होतं आणि ते ओढावंसं वाटत होतं.

जाताना ती माझा हात धरून म्हणाली, "तुम्ही मला बाप दाखवलात."

लोक किती पटकन कृतज्ञ होतात. मला आवडलं, हे लिहून ठेवते.

१५ फेब्रुवारी

प्रोमो सुरू झाला. दर जाहिरातीनंतर माझी पळापळ. चॅनलच्या साहेबांनी स्वतः फोन केला आणि मला दुसऱ्याच बाईच्या नावाने हाक मारून अभिनंदन केलं. पुढच्या वर्षभराचं काम देऊ म्हणाले. शंकासुर जिन्यात भेटले, बाजूला सरकले. मी त्यांना लिमलेटची गोळी दिली. विजयी माणसाने दिलदार असावं.

१७ फेब्रुवारी

दुपारी जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप लावून फुटेजची शेवटची लांबी ठरवत होते. वन्सं वॉकर टकटकवत आल्या. गरम पाण्याची पिशवी हवी होती. मी म्हटलं, एक मिनिट. त्या माझ्या मागे उभ्या राहिल्या.

"अगं बाई! ही तर मी."

मी वळलेसुद्धा नाही. "वन्सं, हा खरा गोळीबार आहे. माणसं मेलीत यात."

"कुठली मरतात! थांब, आता तो टोपीवाला पडेल. पडायच्या आधी मागे बघून घेईल, दगडबिगड आहे का ते. फार जपायचा स्वतःला."

टोपीवाल्याने मागे बघितलं आणि तो पडला. हे मी इतक्या वेळा बघितलं होतं, आणि मला वाटलं होतं, गोळी कुठून आली ते तो बघतोय.

"आता मी त्याच्यावरून उडी मारायची. साहेबांनी तसंच सांगितलं होतं. पण मेल्याच्या बरगडीत पाय बसला असता म्हणून मी कडेनं गेले. शिव्या किती खाल्ल्या त्यापायी!"

वेणीवाली कडेनं गेली. माझी भीतीतली माणुसकी.

"आणि हा बघ, हा! ह्याला दुसऱ्याच कुणाची तरी पँट दिली होती, दोन माणसं मावतील एवढी. म्हणून धरून पळतोय. आम्ही हसून हसून मेलो होतो."

मी फिल्म थांबवली. पडद्यावर ती मुलगी, अर्धा चेहरा वेणीआड. मागे वळून बघितलं. तेच नाक. सव्वा महिना हे नाक माझ्यासमोर रोज जेवतंय.

"कुणाचा सिनेमा होता?" मी विचारलं. आवाज माझाच होता बहुतेक.

"ह्या गोळीबारावरच की. दोन वर्षांनी काढायला घेतला होता कुणीतरी. त्याच जागी, त्याच दरवाज्याशी. मग पैसे संपले, निर्माता पळाला. तुला सांगितलं नव्हतं का मी?"

सांगितलं होतं. बातम्यांचे कॅमेरामन फावल्या वेळात असली कामं करायचे, हे या धंद्यातलं शेंबडं पोरही जाणतं. मी उठले, पाणी तापवलं, पिशवी भरली, खोलीत नेऊन दिली.

"बारीक होते ना गं मी तेव्हा?" वन्संनी विचारलं.

"हो," म्हटलं.

१८ फेब्रुवारी

आज कुणालाही काही सांगितलं नाही. नवऱ्यालाही नाही. चॅनलमध्ये गेले, चहा प्याले, परत आले. गप्प राहिलं तर काय बिघडेल याचा विचार केला. काहीही बिघडणार नाही. हेच तर वाईट.

१९ फेब्रुवारी

आधी शंकासुरांकडे गेले. वाटलं होतं, आता हा मनुष्य नाचेल. सगळं ऐकून त्यांनी खिशातून रुमाल काढला, नाक पुसलं, आणि म्हणाले, "तुमच्या नणंदेला सांगा, छान पळतात." बस्स. मला ओरडा हवा होता. हा माणूस वेळेवर कधी शिंकत नाही आणि वेळेवर कधी ओरडतही नाही.

मग स्कार्फ. तो डोळे मिटून ऐकत होता. मग म्हणाला, "सत्य म्हणजे काय हो, मॅडम?"

"जे घडलं ते."

"ते तर कुणी शूटच केलेलं नाही."

"म्हणूनच."

"त्या बसवाल्या ताईंचं रडणं खोटं होतं? ते तर मी शूट केलंय. तुमच्या नणंदेशिवाय हे कुणाला माहीत आहे?"

"मला," मी म्हटलं, आणि साहेबांच्या खोलीत जाऊन सगळं सांगितलं.

घरी येताना ते 'मला' मनातल्या मनात चार-पाचदा म्हणून बघितलं. भारदस्त वाटलं. पण ही वही आहे, इथे तरी खरं लिहावं. सत्याची चाड वगैरे काही नव्हती. तो टोपीवाला अजून कुठेतरी जिवंत असेल आणि एखाद्या दिवशी टीव्हीसमोर 'अरे, हा तर मी!' म्हणेल, याची भीती होती.

साहेबांनी वर्षभराच्या कामाचा विषय काढला नाही. या वेळी माझं नाव मात्र त्यांनी बरोबर घेतलं.

२६ फेब्रुवारी

माहितीपट दाखवला गेला. गोळीबाराच्या जागी लाटा. काळ्यापांढऱ्या, संथ. लाटांवर निवेदक म्हणतो, 'भीतीतही माणुसकी जागी असते.' वाक्य काढायला कुणालाच सुचलं नाही. समुद्रात कुठली माणुसकी, हे प्रेक्षकांनी ठरवावं. बसवालीचं रडणं ठेवलंय. ती लाटांकडे बघून रडते.

शेवटी माझं नाव नव्हतं. मी पाणी प्यायला उठलेच नव्हते, म्हणून दिसलं नाही हे नक्की कळलं.

वन्सं म्हणाल्या, "मला का गं काढलं?" मी म्हटलं, "तुम्ही उडी मारली नाहीत ना, म्हणून." त्या एवढ्या हसल्या की खुबा धरून बसल्या. मग मीही हसले. नवरा चष्मा वर करून आम्हा दोघींकडे बघत राहिला.

३ मार्च

बसवालीचे फोन येत होते. उचलत नव्हते. आज गेले. चॅनलमधून कुणीच तिला काही सांगितलेलं नाही. स्कार्फने फक्त 'तांत्रिक अडचण' असं कळवलं. भित्रे कुठले. आणि मी तरी काय, इतके दिवस?

मुलं सोडून झाल्यावर ती बस शाळेच्या मागे लावते. रिकाम्या बसमध्ये, मुलांच्या सीटवर गुडघे पोटाशी घेऊन मी बसले आणि एका दमात सांगून टाकलं. सिनेमा होता. नंतर काढलेला. तो तुमचा बाप नाही, भाड्याने आणलेला माणूस आहे. पँट मोठी होती म्हणून धरली होती.

ती समोरची काच पुसत होती. पुसत राहिली. काच केव्हाच स्वच्छ झाली होती.

"तुम्ही का सांगितलंत मला?" ती म्हणाली. "कुणी विचारलं होतं तुम्हाला?"

एरवी माझ्याकडे प्रत्येकासाठी एक उत्तर तयार असतं.

"मला ती फिल्म पाहिजे."

"पण तो तुमचा..."

"कळलं मला. एकदा सांगितलंत ना." फडका पिळून तिने खिडकीत वाळत टाकला. "तो माणूस जिवंत आहे?"

"माहीत नाही."

"मग शोधा. शोधायचंच काम करता ना तुम्ही?"

"शोधून काय करणार?"

"बघेन," ती म्हणाली. "बाबा असते तर आज तेवढेच असते. म्हातारपणी कसे दिसले असते, तेवढं बघेन."

मी आजवर लोकांच्या चित्रविचित्र मागण्या ऐकल्यात. एकाला युद्ध हवं होतं पण रक्त नको. असली मागणी कुणी केली नव्हती. वेडेपणा आहे. उद्यापासून लागते.

१० मार्च

घोळक्यातल्या माणसांची नोंद कुणी ठेवत नाही. मेलेल्यांची तरी ठेवतात. चार दिवस मी माझ्या पद्धतीने शोधलं, हाती शून्य. मग वन्संनी फोन मागितला, कुणा एकीला लावला, तिच्या भावजयीची चौकशी केली, पित्ताची केली, नव्या घराच्या नळाची केली, आणि तासाभराने फोन ठेवून म्हणाल्या, "जिवंत आहे. सायकलच्या दुकानावरच्या खोलीत राहतो. पूर्वी आम्ही त्याला हिरो म्हणायचो. चिडवायला, पण त्याला खरंच वाटायचं."

फिजिओथेरपीवालीने आज वन्संना घरी जायला हरकत नाही म्हणून सांगितलं. मी तिला स्पष्ट विचारलं, यांच्याकडे जिना आहे, माहीत आहे का? पडल्या तर निस्तरायचं कुणी? एवढी शिकलेली बाई, पण अक्कल पैशाची नाही. वॉकर अजून महिनाभर आमच्याच दारात राहणार. नवऱ्याला सांगून टाकलं. तो नुसता हसला. त्याच्या हसण्याचा मला संताप येतो.

१४ मार्च

आज गेलो. बसवालीने शाळेचीच बस आणली, रविवार होता. वन्संना पुढच्या सीटवर बसवलं. वाटेत बसवालीने एकच गोष्ट सांगितली: "त्यांना काही कळता कामा नये. मी कोण, कशासाठी आले, काही नाही."

वन्संना दोघींनी धरून एकेक पायरी जिना चढवला. हिरो दारातच उभा होता. केस बुटाच्या पॉलिशसारखे काळे, शर्टाचं वरचं बटण लागलेलं, आणि छाती पुढे काढून श्वास रोखलेला. त्याला वाटलं, आम्ही काम द्यायला आलोय. आल्या आल्या डावा चेहरा आमच्याकडे केला. तो म्हणे फोटोत जास्त चांगला येतो. खोलीत जिथे तिथे त्याचेच फोटो, प्रत्येकात दुसऱ्याच कुणाच्या तरी मागे उभा. वन्संना त्याने ओळखलं नाही. वन्सं म्हणाल्या, "पँट सापडली का रे तुझी?" तेव्हा ओळखलं, आणि मग दोघांची जी जुंपली! कोण आधी पळालं, कोणामुळे पुन्हा शूट करावं लागलं, टोपीवाला कसा गेला. तो खोटारडा आहे, बढाईखोर आहे, आणि त्याला माणसांत काडीचा रस नाही, आरशात मात्र आहे. या माणसासाठी एवढी यातायात. मला त्या बाईची दया येत होती आणि लाजही.

बसवाली कोपऱ्यातल्या स्टुलावर बसून नुसती बघत होती. त्याचे कान, मनगटं, उठताना गुडघ्यावर हात ठेवणं. त्याचं तिच्याकडे लक्षही नव्हतं.

बोलता बोलता त्याला खोकला आला. थांबेचना. भिंतीला हात टेकून तो खोकत राहिला, छाती आत गेली, सगळी ऐट गळून पडली. वन्संनी पाणी दिलं.

"हे कधीपासून आहे?" बसवालीने विचारलं. ती पहिल्यांदाच बोलली.

"असतंच की. काही नाही."

"डॉक्टरांना दाखवलं?"

"दाखवलं होतं."

"मग? औषध दिलं ना?"

"दिलंय की. घेतो कधीकधी."

"कधीकधी म्हणजे?" ती उठून उभी राहिली. "कधीकधी म्हणजे काय? या वयात एकटं राहायचं, जिने चढायचे-उतरायचे, आणि औषध कधीकधी? कुठे आहे ते? दाखवा. दाखवा म्हणते ना मी!"

त्या खोलीत कधी कुणी त्याला इतक्या मोठ्याने बोललं असेल असं मला वाटत नाही. तिचा आवाज खाली सायकलच्या दुकानात गेला असणार. वन्सं तोंड उघडं टाकून बघत होत्या. मला वाटलं, आता हा मनुष्य आम्हाला हाकलून देणार; इतका वेळ त्याने मला 'बाई, मध्ये बोलू नका' म्हणून दोनदा गप्प केलं होतं. पण तो मुकाट्याने खिडकीशी गेला, फोटोच्या मागून बाटली काढली, आणि तिच्या हातात दिली. भरलेली होती. तिने लेबल वाचलं, चमचा मागितला, औषध ओतलं, आणि तो पिईपर्यंत समोर उभी राहिली.

"रोज," ती म्हणाली. "दोन वेळा. कळलं?"

"घेईन की," तो म्हणाला. हळू, खाली बघून.

ती जिना उतरून गेली. आम्हालाही म्हणाली नाही, चला. मी वन्संना उठवत होते, वॉकर उघडत होते. खालून बस चालू झाल्याचा आवाज आला, पण ती थांबूनच होती.

हिरो अजून चमचा धरून उभा. केसांच्या काळ्या रंगाचा एक ओघळ कानामागून उतरला होता. मी आजवर अशा नटांना तोंडावर हसत आलेय. आज हसू आलं नाही, का ते कळत नाही. फार दमले असेन.

"कोण हो ही?" तो म्हणाला. "आली काय, ओरडली काय."

मी म्हटलं, "आहे एक. शाळेची बस चालवते."

तो खिडकीतून खाली वाकून बघत राहिला. मग मागे न वळताच त्याने विचारलं, "परत कधी येणार म्हणाली?"